सोशल लॉगिन आणि त्रयस्थ कुकी

वेगळा पासवर्ड न ठेवता गूगल, फेसबुक अशा खात्याच्या आधारे दुसऱ्या संकेतस्थळावर प्रवेश घेण्याची सोय म्हणजे सोशल लॉगिन. ब्राउझरने त्रयस्थ (थर्ड-पार्टी) कुकी, म्हणजे दुसऱ्याच संकेतस्थळाने ब्राउझरमध्ये ठेवलेल्या छोट्या नोंदी, अडवल्या की ही सोय कुठे बंद पडते, तर कुठे तिला धक्काही लागत नाही. सगळे अवलंबून असते ते लॉगिन कसे बसवले आहे यावर.

ॲड्रेस बारमध्ये दिसणारे डोमेन सोडून इतर डोमेनची कुकी ती त्रयस्थ. जाहिरात कंपन्या हिच्यावरूनच माणसाचा माग काढत. सफारीने मार्च २०२० पासून अशा कुकी सरसकट अडवल्या. फायरफॉक्सने २०२२ मध्ये प्रत्येक संकेतस्थळासाठी कुकींचा वेगळा कप्पा केला. क्रोमने मात्र २०२० पासून मुदती वाढवत वाढवत जुलै २०२४ मध्ये त्या अडवण्याचा बेतच सोडला; तिथे इन्कॉग्निटोत (खासगी खिडकीत) त्या मुळातच बंद असतात.

जुन्या, सरळ रीतीत बटण दाबताच अख्खे पान गूगलकडे जाते आणि परतताना पत्त्यात एक कोड घेऊन येते. ओऑथ २.० या लॉगिनसाठीच्या प्रमाणित नियमावलीतल्या या रीतीला त्रयस्थ कुकी लागतच नाही. गोची होते ती पानात दडवलेल्या आयफ्रेममुळे, म्हणजे पानात बसवलेल्या दुसऱ्या संकेतस्थळाच्या चौकटीमुळे. ‘हा वापरकर्ता फेसबुकवर आधीच लॉगिन आहे का?’ असे आयफ्रेम विचारते, पण कुकी पोचत नसल्याने उत्तर कायम ‘नाही’ येते.

फायरबेस या गूगलच्या ॲप बनवणाऱ्यांसाठीच्या सेवेची रीडायरेक्ट (पान दुसरीकडे नेऊन परत आणण्याची) पद्धत हे याचे नमुनेदार उदाहरण. नावाला रीडायरेक्ट, पण परतल्यावर निकाल वाचला जातो तो फायरबेसॲप डॉट कॉमच्या आयफ्रेममधून. क्रोम ११५ पासून ब्राउझरमधली इतर साठवणही संकेतस्थळानुसार विभागली गेल्याने तिथे हाती काहीच लागत नाही. वापरकर्ता खाते निवडतो, परत येतो, आणि समोर पुन्हा तेच लॉगिनचे बटण! चूक दाखवणारा संदेशही बहुधा नसतो. ऑथ-डोमेन (लॉगिन हाताळणारे डोमेन) म्हणून संकेतस्थळाचे स्वतःचे डोमेन लावून लॉगिनची पाने तिथूनच पुरवली किंवा पॉपअप वापरला की हे सुटते.

‘सेटिंगमध्ये जाऊन कुकी चालू करा’ हा मदत-पानांवरचा ठरलेला सल्ला. तो लागू पडतो खरा, पण एका बटणासाठी साऱ्या जाहिरातदारांना दार उघडून देतो. फारच अडले तर तेवढ्या एका संकेतस्थळापुरती सूट द्यावी.

फेडसीएम या नव्या पद्धतीत खाते निवडण्याची चौकट ब्राउझर स्वतःच दाखवतो. क्रोममध्ये ती १०८ व्या आवृत्तीपासून आहे. स्टोरेज ॲक्सेस एपीआय या ब्राउझरमधल्या सोयीमुळे आयफ्रेमला वापरकर्त्याच्या क्लिकनंतर कुकीची परवानगी मागता येते.