हरवणारी फ्रेम आणि लेओ कातोत्सोची 'प्रेसा'

इटालियन दिग्दर्शक फेदेरिको फेलिनीचे 'ला स्त्रादा' (१९५४), 'ले नोत्ती दी काबिरिया' (१९५७), 'ला दोल्चे व्हीता' (१९६०) आणि 'ओत्तो ए मेद्झो' (१९६३) हे चित्रपट लेओ कातोत्सोने (१९१२–१९९७) संकलित केले. तरी देशोदेशींच्या संकलकांच्या तोंडी त्याचं नाव बसलं ते फिल्म जोडणाऱ्या एका हातयंत्रामुळे, 'प्रेसा'मुळे.

त्याआधी ३५ मिमी फिल्मचे तुकडे सिमेंटने जोडत. एका टोकाचं इमल्शन (चित्र धरणारा थर) खरवडायचं, खालच्या उघड्या ॲसिटेटवर (फिल्मच्या प्लास्टिकच्या पट्टीवर) सिमेंट लावायचं आणि दुसरं टोक त्यावर चढवून दाबायचं. सिमेंट हा गोंद नव्हे, द्रावक. दोन्ही पृष्ठभाग विरघळून एकजीव होतात. असा जोड उकलत नाही, कापूनच काढावा लागतो, आणि दोन्हीकडची एकेक फ्रेम जाते. सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे दर फेरविचाराला सेकंदाचा बारावा हिस्सा. तिथे तेवढीच काळी फिल्म भरली नाही, तर पुढचा सगळा आवाज चित्रापासून सरकतो.

इटलीत हे जास्त जाचायचं. संवाद नंतर डब होत. फेलिनीच्या सेटवर तर नट कधीकधी नुसते आकडे म्हणत. कोणता शब्द कुठे संपणार हे चित्रीकरणात ठरलेलंच नसे, त्यामुळे तोच कट पुन्हा पुन्हा हलवावा लागे. 'ला दोल्चे व्हीता'ची तयार प्रतच सुमारे पावणेपाच किलोमीटर भरते.

कातोत्सोच्या 'प्रेसा'त फिल्म खुंट्यांवर बसवून पात्याने नेमकी दोन फ्रेममधल्या रेषेवर कापायची, दोन्ही टोकं एकमेकांना भिडवायची (चढवायची नाहीत), रिळावरची पारदर्शक चिकटपट्टी ओढून वरून दांडा दाबायचा. एकाच दाबात पट्टीच्या कडा छाटल्या जातात आणि फिल्मच्या छिद्रांवर पट्टीलाही छिद्रं पडतात. आधीच छिद्रं पाडलेली महागडी पट्टी लागत नाही, हीच खरी खुबी. आवाजाच्या मॅग्नेटिक फिल्मसाठी तिरपं पातं, नाहीतर जोडावर टक् ऐकू येतं.

बिघडायचं तेही ठरलेलं. छिद्रं पाडणारे पंच बोथट झाले की पट्टीचा कपटा छिद्रात लोंबतो आणि चित्र उडी मारतं. उन्हाळ्यात गोंद कडेने पाझरून धूळ धरतो. एकाच बाजूला पट्टी लावलेला जोड मोव्हिओलावर (संकलनाच्या यंत्रावर) चालतो, प्रोजेक्टरमध्ये दुमडतो. तिथे दोन्ही बाजूंनी हवी.

'ओत्तो ए मेद्झो'नंतर कातोत्सो या यंत्राकडेच वळला. १९६५ च्या 'जुलिएत्ता देल्यी स्पिरिती'पासून फेलिनीच्या टेबलावर नट मार्चेल्लो मास्त्रोयान्नीचा भाऊ रुज्जेरो आला. १९८९ च्या ऑस्करमध्ये तांत्रिक पुरस्कार कातोत्सोला मिळाला, तो 'प्रेसा'साठी.

संकलक कापतो ती प्रत. शेवटी तिच्याबरहुकूम मूळ निगेटिव्ह कापली जाते, आणि ॲसिटेट निगेटिव्हच्या जोडणीत मात्र सिमेंटच राहिलं. म्हणून पट्टीने मोकळेपणी कापणाऱ्या संकलकाला एक पथ्य पाळावंच लागे: एकाच शॉटचे दोन तुकडे वापरताना मधली किमान एक फ्रेम सोडायची, कारण ती निगेटिव्ह कापणाऱ्याच्या खरवडणीत जाणारच.