खुंटावरची फूट आणि स्टालिनचं विज्ञान

मागच्या पावसाळ्यात देवगडला होतो. शेजारच्या काकांनी दोन वर्षांपूर्वी लावलेली हापूसची कलमं होती आणि काका कोयती घेऊन एकेका कलमाच्या बुडाशी वाकून काहीतरी छाटत होते. मला वाटलं तण काढतायत, तर म्हणाले, "ह्यो रायवळाचो फुटवो. ह्यो ठेवलो तर हापूस मरतलो नि रायवळ वाढतलो."

कोकणात हे कोणाला नवीन नाही. रायवळ म्हणजे गावठी आंबा, त्याची कोय रुजवायची, पंधरा-वीस दिवसांचं तांबूस कोवळं रोप झालं की त्याचा शेंडा कापून चीर द्यायची, त्यात हापूसची काडी पाचरीसारखी तासून बसवायची आणि वरून प्लास्टिकची पट्टी गुंडाळायची. झालं कोय कलम. जोडाच्या वर हापूस, खाली रायवळ. झाड पन्नास वर्षं जगलं तरी वर हापूसच राहतो आणि खालून फूट आली तर ती रायवळाचीच. म्हणजे खुंटाचा, म्हणजे खालच्या रायवळाचा, परिणाम होतच नाही असं नाही, झाड किती उंच वाढणार, किती जोमदार होणार यात त्याचा हात असतो, आणि जोडापाशीच्या पेशींमध्ये थोडीफार देवाणघेवाण होते असंही अलीकडे दिसलंय. पण फळाची जात बदलत नाही.

आता हीच गोष्ट 1948 च्या ऑगस्टमध्ये मॉस्कोत उभं राहून बोललात तर नोकरी जायची. त्या महिन्यात तिथल्या कृषी अकादमीच्या बैठकीत स्टालिनचा लाडका शेतीशास्त्रज्ञ त्रोफिम लायसेंको याने जाहीर केलं की जनुकशास्त्र हे भांडवलशाही थोतांड आहे आणि आपल्या भाषणाला कम्युनिस्ट पक्षाच्या सेंट्रल कमिटीची मान्यता आहे. झालं, विषयच बंद! प्रयोगशाळा बंद, पुस्तकं बाद, शेकडो लोक कामावरून गेले. लायसेंकोचं म्हणणं होतं की कलम केल्याने दोन झाडांचा वारसा एकमेकांत मिसळतो, आणि परिस्थिती बदलली की आलेला बदल पुढच्या पिढीतही उतरतो. गव्हाचं बी ओलं करून थंडीत ठेवलं की हिवाळी गहू वसंतात पेरता येतो, हे खरं आहे आणि त्याच्या आधीपासून माहीत होतं, पण तो गुण बियात कायमचा उतरतो हे त्याने वर चिकटवलेलं.

हे स्टालिनला आवडलं यात नवल नाही, कारण परिस्थिती बदलून गहू बदलतो तर समाज बदलून माणूसही बदलेल, नवा सोव्हिएत माणूस तयार होईल, तोही पटकन, म्हणजे विज्ञानाने आधीच पक्षाच्या बाजूने कौल दिल्यासारखं. एकाच जातीची झाडं आपसात स्पर्धा करत नाहीत असंही लायसेंको म्हणायचा, म्हणून ओक वगैरेच्या बिया झुबक्याने पेरायच्या, दुबळी रोपं बाकीच्यांसाठी आपणहून जागा सोडतील. वर्गबंधुत्वच जणू! आमच्याकडे भाताचा तरवा (लावणीची रोपं) दाट पडला की रोपं कशी पिवळी नि काडीसारखी होतात हे लावणीच्या कुठल्याही बाईने त्याला सांगितलं असतं. जगभर फिरून पिकांचं बियाणं जमवणारा निकोलाय वाविलोव याला विरोध करत होता. 1940 मध्ये त्याला अटक झाली आणि 1943 च्या जानेवारीत तो सारातोवच्या तुरुंगात कुपोषणाने मेला.

हे वाचून "कम्युनिस्ट असेच" म्हणून कोणी खूश होत असेल तर जरा थांबा. दुसऱ्या टोकाला नेमकं उलटं चाललेलं, तिथे सगळं रक्तातच असतं म्हणायचे. इंग्रज शास्त्रज्ञ गॅल्टनने 1883 मध्ये युजेनिक्स (निवडक माणसांनाच मुलं होऊ देऊन वंश सुधारायचा) हा शब्द काढला, 1907 मध्ये अमेरिकेत इंडियाना राज्यात सक्तीच्या नसबंदीचा कायदा झाला, 1933 मध्ये जर्मनीत झाला आणि त्याखाली सुमारे 4 लाख लोकांची नसबंदी झाली. आणि गंमत म्हणजे डाव्यांनाही हा मोह होता. हर्मन मुलर हा अमेरिकन, पक्का जनुकशास्त्रज्ञ नि पक्का समाजवादी, तेव्हा सोव्हिएत रशियात काम करत होता, त्याने 1936 मध्ये स्टालिनला पत्र लिहून सुचवलं की थोर पुरुषांचं वीर्य वापरून कृत्रिम रेतनाने पुढची पिढी सुधारू. स्टालिनला ते आवडलं नाही, 1937 मध्ये मुलरला तिथून निघावं लागलं. पुढे 1946 मध्ये त्याला नोबेल मिळालं, अर्थात या पत्रासाठी नाही, क्ष-किरणांनी जनुकं बदलतात हे दाखवल्याबद्दल. आपणही फार लांब नव्हतो, 1976 मध्ये आपल्याच विधिमंडळाने तीन मुलांनंतर सक्तीच्या नसबंदीचं विधेयक पास केलं होतं, राष्ट्रपतींची मंजुरी मिळाली नाही म्हणून वाचलो.

या सगळ्यात मला सगळ्यात जास्त आवडतात त्या इरावती कर्वे, दापोलीजवळच्या मुरूडच्या कर्व्यांची, म्हणजे महर्षी कर्व्यांची सून. 1920 च्या दशकाच्या शेवटी त्या बर्लिनला मानववंशशास्त्रज्ञ ऑयगेन फिशरकडे पीएचडीला गेल्या. फिशरला सिद्ध करायचं होतं की गोऱ्या युरोपियनांची कवटी जास्त असमान असते, उजवी बाजू मोठी, म्हणून ते जास्त तर्कशुद्ध. इरावतीबाईंना 149 कवट्या मिळाल्या. विशीतली बाई, परका देश, गाईडचा निकाल आधीच ठरलेला. त्यांनी कवट्या मोजल्या आणि लिहिलं की वंशाचा आणि या असमानतेचा काही संबंध दिसत नाही. फिशरने मार्क कमी दिले, पण डिग्री मिळाली. 1933 मध्ये हाच फिशर बर्लिन विद्यापीठाचा रेक्टर (कुलगुरू) झाला.

(आमच्याकडे स्थळाच्या बायोडेटात "गोरी, घारे डोळे" अजूनही लिहितात, तेव्हा फार हसू नका.)

खरंच जात सुधारायची तर कलमाने नाही होत, परागीकरण करावं लागतं, आणि त्याला वर्षानुवर्षं लागतात. वेंगुर्ल्याच्या संशोधन केंद्रात नीलम आणि हापूसचा संकर करून रत्ना काढला, 1981 मध्ये तो बाहेर आला. त्यात साका (आतला गर पांढरट, आंबट राहणं) होत नाही आणि तो दरवर्षी धरतो. मी काकांना विचारलं, मग तुम्ही रत्ना का नाही लावत? तर म्हणाले चार झाडं लावलीयत, पण गिऱ्हाईक हापूसच मागतं. आणि विहिरीकडचे दोन जुने रायवळ तसेच ठेवलेत, ते कलमांना जागा करायला तोडूया म्हणून मुलगा मागे लागलाय, पण काकी ऐकत नाहीत. हापूसचं सासव (आंब्याचं मोहरी-खोबरं लावलेलं कालवण) होत नाही म्हणे.