पाटीवरचं बेळगाव, पेटीतलं बेळगाव

सीमाभागातला एखादा चित्रकार कॅमेरा हाती घेऊन 'आठवण' आणि 'ओळख' हे विषय धरतो, तेव्हा पुण्या-मुंबईच्या प्रेक्षकाला वाटतं, आता काळ्या दिनाची, म्हणजे १ नोव्हेंबरला इथले मराठी लोक निषेध म्हणून काढतात ती सायकल फेरी दिसणार. फेरी असेलही; पण या कामाचं मूळ बहुतेकदा घरातल्या पत्र्याच्या पेटीत सापडतं.

आमच्याच पेटीत आजोबांचा शाळेचा दाखला आहे, मुंबई इलाख्यातला, मराठीत. त्याच्याखाली शेताचा उतारा, कानडीत. तो त्यांना शेवटपर्यंत शेजाऱ्याकडून वाचून घ्यावा लागला. १ नोव्हेंबर १९५६ ला बेळगाव जिल्हा म्हैसूर राज्यात, म्हणजे आजच्या कर्नाटकात गेला (चंदगड तालुका तेवढा मुंबई राज्यात राहिला), म्हणजे काय झालं, ते या दोन कागदांत कळतं. पुढचा, सीमावादावरचा महाजन आयोग, त्याचा १९६७ चा अहवाल, २००४ पासूनचा सर्वोच्च न्यायालयातला दावा हे सगळ्यांना पाठ आहे.

चित्रांचा वारसा मात्र वेगळ्याच वाटेनं आला. कोल्हापुरात बाबूराव पेंटर नाटकांचे पडदे रंगवता रंगवता सिनेमाकडे वळले. स्वतः कॅमेरा घडवला आणि १९२० मध्ये 'सैरंध्री' पडद्यावर आणला. बेळगावात चित्रकार के. बी. कुलकर्णींनी चित्रमंदिर या कलाशाळेतून पिढ्या घडवल्या. १९३५ साली बेळगावातच जन्मलेले रवी परांजपे त्यांचेच शिष्य. व्यक्तिचित्रं, जलरंगातली निसर्गचित्रं, हाताची पक्की तयारी. मला तरी या परंपरेत सौंदर्य भरपूर दिसतं, भांडण जवळजवळ नाही.

भांडण सगळं गेलं पाट्यांवर. फ्लेक्स येण्याआधी आमच्याकडचा पेंटर कानडी, मराठी, इंग्रजी अशी तिन्ही अक्षरं एकाच ब्रशनं काढायचा. कानडीची गोलाई त्याला जास्त आवडायची, हे तो हळूच सांगायचा. कुठलं अक्षर वर आणि केवढं, हे ठरवणारे दुसरेच. २०१४ च्या जुलैत बेळगावजवळच्या येळ्ळूर गावची 'महाराष्ट्र राज्य' लिहिलेली पाटी पाडली गेली. त्याच वर्षी १ नोव्हेंबरला शहराचं सरकारी नाव बेळगावी झालं. २०२४ च्या कायद्यानं पाटीचा साठ टक्के भाग कानडीला दिला. आम्ही बोलताना अजून बेळगावच म्हणतो.

आजची कॅमेरा हाती घेतलेली मंडळी पेटी आणि पाटी एका चौकटीत आणू बघतात, आणि तिथंच खरी अडचण येते. कारण पेटी उघडून बसलेली आजी शुद्ध मराठी बोलतच नाही. तिच्या अण्णा-अक्कात कानडी आहे, 'कुठं जाऊलास, काय करूलास' हा हेल तर इथलाच. एडिटिंगला बसलं की पहिला वाद यावरच होतो: फिल्म पुण्यात दाखवायची, तर आजीच्या मराठीखाली मराठीतच ओळी द्यायच्या का?