पोर्ट बदलला म्हणजे सर्व्हर सुरक्षित झाला?

हिंजवडीत सर्व्हर सांभाळायला नवीन माणूस आला की त्याला हमखास मिळणारा सल्ला: 'एसएसएचचा पोर्ट 22 वरून 2222 कर, मग कोणी शिरत नाही.' हे खरं नाही. (एसएसएच म्हणजे दुरून सर्व्हरवर लॉगिन करायची सोय; पोर्ट म्हणजे ती सेवा ज्या क्रमांकाच्या दारावर भेटते ते दार.)

टीसीपी या इंटरनेटवरच्या जोडणीच्या पद्धतीचे पोर्ट 65,535; एनमॅपसारखं साधन ते सगळे चाचपू शकतं. आणि लपणार तरी कसं? जोडणी होताच, पासवर्ड विचारण्याआधी, एसएसएच सर्व्हर स्वतःहून आपली आवृत्ती सांगतो, बहुधा सॉफ्टवेअरच्या नावासकट. सदाशिव पेठेतल्या दारावरच्या पाटीसारखं, बेल वाजवायच्या आधीच सगळं कळतं!

फायदा अगदीच नाही असं नाही. 22 वर आंधळेपणाने धडका देणारे बॉट (आपोआप चालणारे प्रोग्राम) घटतात, लॉग, म्हणजे सर्व्हरची नोंदवही, वाचण्याजोगा राहतो. पण 2222 मध्ये एक खोटही आहे. लिनक्सवर 1024 च्या खालचे पोर्ट सहसा रूटच, म्हणजे सर्वाधिकार असलेला वापरकर्ताच, उघडू शकतो, 2222 मात्र कोणताही साधा वापरकर्ता. खरी सेवा बंद पडली की तिथे तोतया बसवता येतो. होस्ट-की (सर्व्हरची ओळख पटवणारी डिजिटल किल्ली) बदलल्याचा इशारा येतो म्हणा, पण तो वाचतो कोण?

पासवर्डने लॉगिन बंद करा, त्याऐवजी एसएसएच-की (लॉगिनची डिजिटल किल्ली) वापरा, रूटला थेट प्रवेश नको, अपडेट वेळेवर लावा. मात्र चालू सेशन बंद करण्याआधी दुसऱ्या खिडकीतून एसएसएच-की चालते ना, ते पाहून घ्या.