भूसंपादनाची नोटीस आली: मोबदला कसा ठरतो, कागद कोणते लागतात

संपादनाची कुणकुण लागली की पारावर पहिला प्रश्न असतो, ‘एकरी किती?’ दर नंतर ठरतो. त्याआधी ठरतं ते तुमच्या गटात काय काय आहे याची नोंद. मोबदला कमी पडतो तो बऱ्याचदा तिथेच.

जमीन 2013 च्या भूसंपादन कायद्याखाली घेतली जात असेल, तर कलम 11 ची प्राथमिक अधिसूचना निघते. तिथून 60 दिवसांत लेखी हरकत घेता येते. अधिसूचनेनंतर परवानगीशिवाय खरेदी-विक्री करू नका. पुढे संयुक्त मोजणी होते आणि या दिवशी स्वतः बांधावर हजर राहा. विहीर, बोअर, पाइपलाइन, गोठा, आंब्या-चिंचेची झाडं त्यांच्या वयासह उतरली का, ते पाहा. फोटो काढा. राहिलं असेल तर त्याच आठवड्यात लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या. तलाठी ओळखीचा आहे, लिहील नंतर, हा भरवसा महागात पडतो.

आता हिशेब. बाजारमूल्य ठरवताना रेडीरेकनरचा (सरकारी) दर आणि मागच्या तीन वर्षांतल्या खरेदीखतांपैकी जास्त दराच्या निम्म्यांची सरासरी यांत जो जास्त असेल तो धरतात. ग्रामीण भागात त्याला 1 ते 2 चा गुणक लागतो. तुमच्या प्रकल्पाला कोणता, हे शासनाच्या अधिसूचनेत बघा. त्यात झाडं-बांधकामाची किंमत मिळवली की जी रक्कम येते, तेवढीच पुन्हा दिलासा रक्कम म्हणून मिळते. समजा, जमिनीचं मूल्य 20 लाख, गुणक 2, झाडं-विहीर 3 लाख: 40 आणि 3 मिळून 43, दिलाशासह 86 लाख. म्हणजे नोंदीतून सुटलेली 3 लाखांची झाडं प्रत्यक्षात 6 लाखांना पडतात. शिवाय बाजारमूल्यावर वर्षाला 12 टक्के जादा रक्कम असते.

कलम 21 ची नोटीस आली की उपविभागीय अधिकारी किंवा भूसंपादन अधिकाऱ्याकडे लेखी दावा द्या. दर कमी वाटत असेल तर शेजारच्या गटांच्या खरेदीखतांच्या नकला त्यालाच जोडा. मोबदल्यासाठी साधारणपणे ताजा सातबारा, 8अ, फेरफार, आधार, पॅन आणि पासबुक लागतं. कर्जाचा बोजा असेल तर बँकेचा किंवा सोसायटीचा दाखला. सातबाऱ्यावर अजून आजोबांचंच नाव असेल, तर वारस नोंद आजच लावून घ्या. सामाईक गटात सगळ्या हिस्सेदारांची संमती किंवा वाटणीपत्र हवं. भावकीचं जुळलं नाही तर पैसे प्राधिकरणाकडे (मोबदल्याचे वाद ऐकणाऱ्या) जमा होतात आणि वाद मिटेपर्यंत हाती येत नाहीत.

निवाडा, म्हणजे मोबदला ठरवणारा आदेश, मान्य नसेल, तरी पैसे नाकारायची गरज नाही. पावतीवर ‘हरकत राखून स्वीकारले’ असं लिहा. विनाहरकत रक्कम घेतली तर वाढीव मोबदल्याचा अर्ज करता येत नाही. हा अर्ज कलम 64 खाली जिल्हाधिकाऱ्यांकडे द्यायचा असतो. निवाड्याच्या वेळी तुम्ही हजर असाल तर मुदत निवाड्यापासून 6 आठवडे. नसाल तर निवाड्याची नोटीस मिळाल्यापासून 6 आठवडे किंवा निवाड्यापासून 6 महिने, यांत जे आधी संपेल ते. अर्ज केला नाही, पण त्याच अधिसूचनेतल्या शेजाऱ्याला प्राधिकरणाने वाढवून दिलं, तर कलम 73 खाली 3 महिन्यांत तुम्हीही मागू शकता.

राष्ट्रीय महामार्गाची वाट वेगळी आहे. तिथे 1956 चा कायदा चालतो, हरकतीला 21 दिवसच मिळतात आणि दराचा वाद लवादाकडे जातो. मोबदल्याचा हिशेब मात्र 2015 पासून 2013 च्या कायद्याप्रमाणेच होतो.

2013 च्या कायद्याखालच्या निवाड्याच्या रकमेवर कलम 96 नुसार आयकर नाही. तरीही टीडीएस कापला गेलाच, तर विवरणपत्र भरून परत मागा.