स्लाव्होफिल विचारसरणी

स्लाव्होफिल विचारसरणी : रशियाचा धर्म, इतिहास आणि समाजरचना पश्चिम युरोपाहून मुळातच वेगळी आहे, म्हणून त्या देशाने आपल्याच वाटेने जावे, असे मानणाऱ्या मॉस्कोतील जमीनदार लेखकांचा विचार. त्याचा बहर साधारण १८३९ ते १८६१ या काळातला. अलेक्सेय खोम्याकोव्ह (१८०४–६०), इव्हान किरेयेव्स्की (१८०६–५६), कॉन्स्टन्टीन अक्साकोव्ह (१८१७–६०) आणि युरी समारिन (१८१९–७६) हे त्याचे प्रमुख प्रवक्ते. लोकगीते जमवणारा प्योत्र किरेयेव्स्की, पत्रकार इव्हान अक्साकोव्ह आणि ‘रूस्काया बेसेदा’ (१८५६–६०) हे नियतकालिक चालवणारा अलेक्सांद्र कोशेल्योव्ह हेही याच गोतावळ्यातले. इतर स्लाव लोकांच्या राजकारणाशी या मंडळींचा आरंभी फारसा संबंध नव्हता. त्यांचे लक्ष रशियन खेडे आणि ऑर्थोडॉक्स चर्च यांवर होते.

वादाला तोंड फुटले ते १८३६ मध्ये. ‘टेलिस्कोप’ मासिकाने विचारवंत प्योत्र चादायेव्ह याचे तात्त्विक पत्र छापले. रशियाने जगाच्या विचारात काहीच भर घातलेली नाही आणि बायझँटियमकडून धर्म घेतल्यामुळे तो युरोपच्या प्रवाहाबाहेर राहिला, असा त्यातला आरोप होता. मासिक बंद झाले, संपादक नादेझ्दिनला उस्त-सिसोल्स्कला हद्दपार केले, परवानगी देणाऱ्या सेन्सॉरची नोकरी गेली आणि झार निकोलस पहिला याने लेखकाला वेडा ठरवून त्याच्या घरी डॉक्टर धाडायला सुरुवात केली. चादायेव्हला खरे उत्तर मिळाले ते मॉस्कोच्या दिवाणखान्यांत. १८३९ मध्ये खोम्याकोव्हने ‘जुने आणि नवे’ या विषयावर एक टिपण इव्हान किरेयेव्स्कीकडच्या बैठकीत वाचले. किरेयेव्स्कीने त्याला लेखी उत्तर दिले. दोन्ही मजकूर छापण्यासाठी नव्हे, चर्चेसाठी लिहिलेले होते. खोम्याकोव्हचे टिपण जुन्या रशियाचे सरसकट गोडवे गात नाही. तेव्हाचे अज्ञान, न्यायातली लाचखोरी आणि आपसांतली वैरे यांची यादीच त्यात येते. ‘भूतकाळात रमलेले भाबडे’ ही या गटाची नेहमीची ओळख तिथेच लंगडी पडते.

किरेयेव्स्कीने आपली मांडणी १८५२च्या दीर्घ लेखात पूर्ण केली. त्याच्या मते पश्चिमेला रोमकडून तर्काचा आणि कायदेशीर चौकटीचा हव्यास मिळाला. माणसाची बुद्धी, श्रद्धा आणि नीती एकमेकांपासून सुटी झाली. पूर्वेच्या चर्चपित्यांनी (आरंभीच्या ख्रिस्ती धर्मगुरू-लेखकांनी) मात्र मनाची अखंडता जपली. लेख ज्या ‘मॉस्कोव्स्की स्बोर्निक’मध्ये आला, त्याचा पुढचा खंड सरकारने अडवला. या विचाराची अवजारे जर्मनीत घडलेली होती, हेही नोंदवले पाहिजे : किरेयेव्स्कीने १८३० मध्ये बर्लिनला हेगेलची आणि म्युनिकला शेलिंगची व्याख्याने ऐकली होती. १८३२ मध्ये त्याने काढलेल्या मासिकाचे नावच ‘युरोपीय’ होते आणि ते दोन अंकांत बंद पाडले गेले. पुढे तो ऑप्तिना मठातील मकारी या वृद्ध साधूच्या सहवासात आला, मठाच्या ग्रंथप्रकाशनात राबला आणि त्याचे दफनही तिथेच झाले.

धर्मविचाराचा गाभा खोम्याकोव्हचा. कॅथलिक चर्चमध्ये ऐक्य आहे, पण स्वातंत्र्य नाही. प्रॉटेस्टंटांकडे स्वातंत्र्य आहे, पण ऐक्य नाही. ऑर्थोडॉक्स चर्चमध्ये प्रेमामुळे दोन्ही एकत्र नांदतात, हे त्याचे सूत्र. पुढे ‘सोबोर्नोस्त’ या नावाने ते ओळखले गेले. त्यातून निघणारा निष्कर्ष सत्तेला अडचणीचा होता. धर्मसत्याचा रखवालदार बिशप नाही आणि झारही नाही. तो मान चर्चच्या सगळ्या लोकांचा. पूर्वेच्या कुलगुरूंनी (‘पेट्रिआर्क’, म्हणजे ऑर्थोडॉक्स चर्चप्रमुखांनी) १८४८ मध्ये काढलेल्या पत्रातील याच आशयाच्या विधानाचा त्याने आधार घेतला. पीटर द ग्रेटने १७२१ मध्ये कुलगुरुपद मोडून चर्चला ‘सिनॉड’ या सरकारी धर्ममंडळाखाली आणले होते. अशा देशात हे लिखाण छापणार कोण? खोम्याकोव्हच्या पुस्तिका फ्रेंचमध्ये पॅरिस आणि लाइपझिगला निघाल्या आणि रशियात त्यांना १८७९ पर्यंत मोकळीक मिळाली नाही. हा गृहस्थ अष्टपैलू होता : त्याचे वाफेचे इंजिन १८५१च्या लंडन प्रदर्शनात होते आणि १८५५ मध्ये त्याने रशियन व संस्कृत शब्दांची तुलना प्रसिद्ध केली. त्यातली बरीचशी साम्ये आजच्या भाषाशास्त्रात टिकत नाहीत.

या विचाराचा जमिनीवरचा पुरावा म्हणजे ग्रामसमुदाय, ‘ओबश्चिना’ किंवा ‘मीर’. त्याचा कारभार असा चाले. घराघरांचे कर्ते ‘स्खोद’ या सभेत जमत आणि ‘स्तारोस्ता’, म्हणजे गावचा पुढारी, निवडत. घर व परसबाग कुटुंबाकडे कायम राही. कुरण दरवर्षी वाटले जाई, गायरान सामायिक असे. शेतजमिनीचे आधी तीन भाग पडत : हिवाळी पीक, उन्हाळी पीक आणि पडीक. प्रत्येक भागातल्या जमिनीची कस व अंतर पाहून प्रतवारी होई आणि प्रत्येक प्रतीत प्रत्येक घराला एक पट्टा मिळे. कुठला पट्टा कोणाचा, हे चिठ्ठ्या टाकून ठरे. वाटा ठरवण्याचे एकक कुठे डोईपट्टीच्या नोंदीतले पुरुष असत, तर कुठे ‘त्याग्लो’, म्हणजे राबणारे नवरा-बायकोचे जोडपे. घरे वाढली-घटली की फेरवाटप. कॉन्स्टन्टीन अक्साकोव्हला यात एक नैतिक समूहगान ऐकू येई : आवाज प्रत्येकाचा वेगळा, सूर एक.

प्रत्यक्षात सुराला बऱ्याच अडचणी होत्या. एका घराचे पट्टे डझनावारी ठिकाणी विखुरलेले आणि कधी इतके अरुंद, की कुळव आडवा फिरवता येत नसे. कापणीनंतर सगळ्या शिवारात गावची गुरे सुटत, म्हणून पेरणी-कापणी सर्वांनी एकाच वेळी करावी लागे. कोणी वेगळे पीक घ्यायचे म्हटले तर ते गुरांच्या तोंडी जाई. पुढच्या वाटपात पट्टा दुसऱ्याकडे जाणार असेल तर त्यात शेणखत कोण टाकणार? सभेतले एकमत अनेकदा आरडाओरड्यातून आणि सधन घरांनी पाजलेल्या वोद्कातून निघे. शिवाय सारा भरण्याची जबाबदारी सगळ्या गावाची मिळून असल्यामुळे गाव सोडून जायला सभेची परवानगी लागे.

इतिहासकार बोरिस चिचेरिनने १८५६ मध्ये नेमके इथेच बोट ठेवले. ही फेरवाटपाची पद्धत प्राचीन स्लाव वारसा नसून भूदासत्व (शेतकऱ्याला मालकाच्या जमिनीशी बांधणारी पद्धत) आणि पीटरची डोईपट्टी यांतून राज्याने घडवलेली आहे, असे त्याचे म्हणणे. ‘रूस्काया बेसेदा’तून इव्हान बेल्यायेव्हने त्याला उत्तर दिले. वाद तिथेच मिटला नाही. पण नियमित फेरवाटपापुरते पाहिले तर चिचेरिनचे पारडे जड आहे. १८६१च्या भूदासमुक्तीनेही तेच दाखवले. समारिन आणि व्लादिमीर चेर्कास्की मुक्तीच्या कायद्याच्या मसुदा आयोगावर होते आणि ग्रामसमुदाय कायद्यात टिकावा म्हणून झटले. तो टिकलाही, कारण सरकारला तो वसुलीसाठी सोयीचा होता. जमिनीच्या मोबदल्याचे हप्ते वर्षाला ६ टक्के दराने ४९ वर्षे फेडायचे आणि त्याला जामीन गाव. फेरवाटपासाठी सभेत दोन-तृतीयांश मते लागत. १८९३च्या कायद्याने दोन फेरवाटपांत किमान १२ वर्षांचे अंतर सक्तीचे केले, १९०३ मध्ये सामूहिक जामिनकी जवळपास सर्वत्र गेली आणि १९०६ मध्ये पंतप्रधान स्तोलिपिनने शेतकऱ्याला समुदायातून बाहेर पडण्याची वाट मोकळी केली.

शिक्षणमंत्री उवारोव्हचे १८३३चे ‘ऑर्थोडॉक्स धर्म, एकतंत्र, राष्ट्रीयता’ हे सूत्र आणि स्लाव्होफिल विचार एकच, असा समज पाठ्यपुस्तकांतूनही आढळतो. तो चुकीचा आहे. कॉन्स्टन्टीन अक्साकोव्हने १८५५ मध्ये अलेक्झांडर दुसरा याला दिलेल्या टिपणात स्पष्ट विभागणी केली : राज्य करण्याची संपूर्ण सत्ता झारला, बोलण्याचे आणि जगण्याचे संपूर्ण स्वातंत्र्य लोकांना. संविधान नको, पण सेन्सॉरही नको. समारिनला १८४९ मध्ये बाल्टिक प्रांतांतल्या जर्मन सरदारांविरुद्ध लिहिल्याबद्दल पीटर-पॉल किल्ल्यात १२ दिवस कोंडले. त्याच वर्षी सरदारवर्गाला दाढी राखायला बंदी झाली. कॉन्स्टन्टीन आणि त्याचे वडील सर्गेय यांना पोलिसांकडे तशी लेखी हमी द्यावी लागली. रशियन पेहरावाचा आग्रह धरणाऱ्यांना रशियन झारनेच दाढी काढायला लावली.

१८६० नंतर पहिली पिढी संपली आणि विचाराचा पोत बदलला. इव्हान अक्साकोव्ह मॉस्कोच्या स्लाव समितीचा म्होरक्या झाला, १८७७–७८च्या तुर्की युद्धाचा पुरस्कर्ता ठरला आणि त्या युद्धानंतरच्या बर्लिन कराराविरुद्ध भाषण केल्यावर त्याला मॉस्कोतून काढून वार्वारिनो गावी पाठवले गेले. निकोलाय दानिलेव्स्कीने १८६९ मध्ये निरनिराळ्या संस्कृतींच्या साच्यांचा सिद्धान्त मांडला. त्यात खोम्याकोव्हच्या धर्मविचारापेक्षा जीवशास्त्र आणि सत्तास्पर्धा जास्त. तत्त्वज्ञ व्लादिमीर सोलोव्योव्हने १८८०च्या दशकात या घसरणीवर कडक टीका केली : आधी वैश्विक सत्याचा वाहक म्हणून आपल्या लोकांची पूजा, मग नुसते बळ म्हणून त्यांची, शेवटी राष्ट्राच्या एकांगीपणाची. ही टीका उत्तराधिकाऱ्यांना जितकी लागू पडते, तितकी पहिल्या चौघांना पडत नाही. तरी पोलिश उठावाच्या वेळी (१८६३) समारिन आणि इव्हान अक्साकोव्ह दोघेही सरकारच्याच बाजूला होते, हे विसरता येत नाही.

चर्चविषयीचा विचार मात्र उशिरा का होईना, फळाला आला. १९१७–१८च्या मॉस्को धर्मपरिषदेच्या ५६४ सभासदांपैकी २९९ जण धर्माधिकारी नसलेले सामान्य श्रद्धाळू होते. परिषदेने कुलगुरुपद पुन्हा स्थापले आणि निवडून काढलेल्या तिघांतून चिठ्ठीने तिखोनचे नाव निघाले.