पोलीस मारहाण खटल्यातील निर्दोष मुक्ततेविरुद्धचे अपील

पोलीस अधिकारी किंवा अंमलदाराने मारहाण केल्याच्या आरोपावरून चाललेल्या खटल्यात खालच्या न्यायालयाने त्याला निर्दोष सोडल्यास, तो निकाल फिरवून मिळावा म्हणून वरच्या न्यायालयात केलेले अपील. फौजदारी खटला शासनाच्या नावाने चालतो आणि येथे आरोपीही शासनाचाच नोकर असतो. त्यामुळे अपील करायचे की नाही हे केवळ शासनावर सोडले, तर मार खाल्लेल्या माणसाच्या हाती काहीच उरत नाही. पूर्वी वस्तुस्थिती बरीचशी अशीच होती.

जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम ३७२ ला ३१ डिसेंबर २००९ पासून लागू झालेल्या परंतुकाने (कलमाला जोडलेल्या अपवादाच्या तरतुदीने) पीडिताला, आणि व्याख्येनुसार त्याच्या पालकाला वा कायदेशीर वारसालाही, अपिलाचा स्वतंत्र हक्क दिला. तिच्या जागी १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत तो कलम ४१३ मध्ये आहे. अशा अपिलासाठी पीडिताला उच्च न्यायालयाची परवानगी लागत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने मल्लिकार्जुन कोडगली प्रकरणात २०१८ साली स्पष्ट केले. शासनाचा मार्ग कलम ४१९ चा (पूर्वीचे ३७८). त्यात उच्च न्यायालयात जाताना परवानगी आवश्यक असते आणि मुदत ९० दिवसांची असते. निकालाची नक्कल मिळण्यात गेलेला काळ त्यातून वगळला जातो.

या दोन मार्गांमुळे एक विचित्र स्थिती उद्भवते. शासनाला सत्र न्यायालयात अपील करता येते ते दखलपात्र (पोलिसांना वॉरंटशिवाय अटक करता येते अशा) आणि अजामीनपात्र (जामीन हक्काने मिळत नाही अशा) गुन्ह्यात न्यायदंडाधिकाऱ्यांनी दिलेल्या मुक्ततेविरुद्धच, आणि तेही जिल्हादंडाधिकाऱ्यांच्या निर्देशाने. साधी दुखापत जामीनपात्र असल्याने तेथे शासनाला थेट उच्च न्यायालय गाठावे लागते. पीडिताचे अपील मात्र, दोषसिद्धीविरुद्धचे अपील जेथे चालले असते तेथेच चालते. म्हणजे कोल्हापूरच्या न्यायदंडाधिकाऱ्यांनी पोलिसाला सोडले, तर पीडिताने कसबा बावड्यातील सत्र न्यायालयात जायचे आणि त्याच निकालावर शासनाने उच्च न्यायालयात. खासगी फिर्यादीवरून चाललेल्या खटल्यात फिर्यादीला उच्च न्यायालयाची विशेष परवानगी मागण्याची वेगळी तरतूदही आहे.

उच्च न्यायालय म्हणजे कोल्हापूरकरांसाठी २०२५ पर्यंत मुंबई होते. वकिलांच्या अनेक दशकांच्या आंदोलनानंतर १७ ऑगस्ट २०२५ रोजी मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचचे (मुख्य ठिकाणाबाहेर बसणाऱ्या खंडपीठाचे) उद्घाटन झाले. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे तिच्या कक्षेत येतात. बेंचचे कामकाज सुरू झाले ते सीपीआर रुग्णालयाजवळच्या जुन्या न्यायालयीन इमारतीत. ज्या रुग्णालयात जखमेचा दाखला तयार होतो त्याच्याच शेजारी, कदाचित काही वर्षांनी, त्या दाखल्याचा अर्थ लावला जावा, हा योगायोग मोठा बोलका आहे.

कारण अशा अपिलात बरेचदा सारे त्या एका कागदावर येऊन ठेपते. काठीचा जोरदार फटका अंगावर दोन समांतर वळ उठवतो आणि मधली पट्टी फिकी राहते. पडून झालेल्या खरचटण्यात सहसा तसे दिसत नाही. ‘पळताना पडला’ हा बचाव खोडण्यासाठी दाखल्यात नुसते ‘कठीण व बोथट वस्तूने झालेली इजा’ एवढेच असून भागत नाही. वळाची लांबी, रंग आणि जागाही नोंदलेली असावी लागते. ठाण्यातील साक्षीदार बहुधा आरोपीचे सहकारी असतात. श्यामसुंदर त्रिवेदी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९९५ साली नेमके हेच हेरले. बंधुभावापोटी पोलीस एकमेकांविरुद्ध बोलत नाहीत, म्हणून कोठडीतील अत्याचाराला प्रत्यक्षदर्शी पुरावाच हवा असा हट्ट धरणे वास्तवाला सोडून आहे, असे सांगून न्यायालयाने पोलिसांची मुक्तता फिरवली. कोठडीत इजा झाल्यास ती पोलिसाने केली असे न्यायालयाला गृहीत धरता यावे, अशी शिफारस विधी आयोगाने १९८५ च्या ११३ व्या अहवालात केली होती. २०२३ च्या साक्ष अधिनियमातही ती आलेली नाही.

दुसऱ्या बाजूला आरोपीचेही संरक्षण भक्कम आहे. चंद्रप्पा प्रकरणातील (२००७) तत्त्वानुसार मुक्ततेमुळे निर्दोषत्वाचे गृहीतक दुप्पट बळकट होते. पुराव्यावरून दोन वाजवी निष्कर्ष निघत असतील, तर केवळ आपल्याला दुसरा पटतो म्हणून अपील न्यायालयाने निकाल बदलायचा नसतो. मात्र पुरावा पुन्हा मुळापासून तपासण्यास, फेरखटल्याचा आदेश देण्यास किंवा स्वतःच दोषी ठरवून शिक्षा सुनावण्यास त्याला पूर्ण मुभा असते. पुनरीक्षण अर्जात, म्हणजे खालच्या निकालाची कायदेशीरता तपासण्याच्या विनंतीत, ही मुभा नाही: तेथे मुक्ततेचे रूपांतर दोषसिद्धीत करता येत नाही. म्हणून अपिलाचा हक्क असताना पुनरीक्षणाची वाट धरणे पीडिताला महागात पडू शकते.